सासूबाईंबरोबर रिव्हिएराला

आमच्या लग्नाला वीस वर्षं होत आली तेव्हा मी संदीपला सांगून टाकलं, की मला दागिना नको, नवा सोफा नको; मला भूमध्य समुद्राच्या काठावरच्या एखाद्या जुन्या हॉटेलात आठवडाभर राहायचं आहे. नागपूरला माझ्या माहेरी एका रंगाच्या कंपनीचं कॅलेंडर होतं. वर्ष संपलं तरी वडिलांनी ते उतरवलं नव्हतं, कारण त्याच्यामागे भिंतीचा पोपडा गेला होता. चित्रात टेकडीला टेकून उभं असलेलं पांढरं हॉटेल, हिरव्या झडपांच्या खिडक्या, खाली पट्ट्यापट्ट्यांच्या छत्र्या आणि एका बाल्कनीत मोठी हॅट घातलेली बाई. तिच्या मागचं दार अर्धवट उघडं होतं. आत काय असेल, याचा मी अभ्यासाला बसल्यावर तासन्‌तास विचार करायची.

संदीपने हौसेने शोधून शोधून इटलीच्या रिव्हिएरा किनाऱ्यावरचं एक हॉटेल बुक केलं. समुद्राकडे तोंड असलेली खोली, बाल्कनी, मोठा पलंग. मे महिन्यातलं जाणं होतं. आणि एप्रिलात, ओटावातल्या आमच्या असोसिएशनने ठेवलेल्या जयंतीच्या कार्यक्रमाच्या दिवशीच, फ्रीझिंग रेन झाला, म्हणजे पडताच गोठणारा पाऊस. हॉलमधल्या खुर्च्या गाडीत ठेवता ठेवता संदीप पार्किंग लॉटमध्ये घसरला आणि घोट्याचं हाड मोडून बसला. सहा आठवडे पाय जमिनीला टेकवायचा नाही, असं डॉक्टरांनी बजावलं. हॉटेलला ईमेल केली. बुकिंग रद्द होणार नाही, मात्र माणसाचं नाव बदलता येईल, असं नम्र उत्तर आलं.

"तू आईला घेऊन जा," संदीप सोफ्यावरून म्हणाला. पाय दोन उशांवर होता.

मी हसले. तो हसला नाही.

आई म्हणजे माझ्या सासूबाई. वय एकोणसत्तर. नागपूरच्या सरकारी दवाखान्यात एकतीस वर्षं स्टाफ नर्स होत्या. सासरे गेल्यावर, आठ वर्षांपूर्वी, त्या आमच्याकडे, ओटावाच्या कडेला असलेल्या कनाटाला आल्या. गेल्या वर्षी त्यांना कॅनडाचा पासपोर्ट मिळाला. तो त्यांनी प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळून ठेवला होता. त्यावर अजून एकही शिक्का नव्हता.

मी विचारलं तेव्हा त्या मेथी निवडत होत्या. "चालते मला," त्या म्हणाल्या. "खिडकीची सीट पाहिजे फक्त."

आमच्यात भांडण कधीच नव्हतं. पण आठ वर्षं एका घरात राहून आमचं बोलणं तीनच गोष्टींभोवती फिरायचं: भाजी कोणती करायची, आमच्या लेकीची, रियाची, परीक्षा केव्हा आहे, आणि थर्मोस्टॅट कितीवर ठेवायचा. अशा बाईबरोबर मी लग्नाच्या वाढदिवसाला निघाले होते. संदीपची काळजी घ्यायला सोळा वर्षांची रिया होती. तिने "वी आर गुड, मॉम" म्हणून मला जवळजवळ दाराबाहेर ढकललं.

पोचलो

मॉन्ट्रियलहून विमान फ्रान्समधल्या नीसला उतरतं. तिथून आम्ही ट्रेन घेतली, सीमा ओलांडली आणि पुढे बारकी गाडी धरली. ती समुद्राला चिकटूनच धावते, पण मिनिटामिनिटाला बोगद्यात शिरते. अंधार, मग एकदम निळं, पुन्हा अंधार.

"गेला," आई म्हणायच्या. मग, "आला!" समोर बसलेले एक इटालियन आजोबाही शेवटी त्यांच्याबरोबर मान हलवायला लागले.

गावाचं नाव लिहीत नाही, कारण हे हॉटेल तिथे एकुलतं एक आहे आणि पुढे मी त्याच्याबद्दल घरचं असल्यासारखं लिहिणार आहे. स्टेशनवरून पाच मिनिटं चालत गेलं की खजुराच्या झाडांची रांग लागते. तिच्या टोकाला हॉटेल. पांढरं नव्हतं, फिकट गुलाबी होतं, खाऱ्या वाऱ्याने जागोजागी उडालेलं. पण झडपा हिरव्याच होत्या. दोन मिनिटं मला पाऊल उचलवेना.

आई मात्र मान वर करून खिडक्या मोजल्यासारखं बघत होत्या. "वैशाली, ती खिडकी खोटी आहे."

"कोणती?"

"वरची, उजवीकडची. रंगवलेली आहे बघ. सावली उलटी पडून राहिली."

खरंच! भिंतीवर झडपा, कठडा, अगदी फुलाची कुंडीसुद्धा रंगवलेली. त्या किनाऱ्यावर ही जुनी रीत आहे, असं नंतर कळलं. खिडक्यांची रांग सारखी दिसावी म्हणून जिथे खिडकी नाही तिथे चितारतात. मी फोटो काढत राहिले असते आणि मला ते कधीच दिसलं नसतं. एकतीस वर्षं पेशंटचे डोळे बघणाऱ्या बाईला दिसलं.

काउंटरवर सिल्विया होती. साठीची, चष्मा साखळीला अडकवलेला. हॉटेल तिच्या आजोबांपासूनचं. तिने वही पाहिली, माझ्याकडे पाहिलं, आईंकडे पाहिलं आणि इंग्रजीत विचारलं, "आणि श्रीयुत संदीप?"

नाव बदलल्याची ईमेल तिच्या भाच्याने वाचली होती आणि तो सुट्टीवर गेला होता. त्यामुळे तिसऱ्या मजल्यावरच्या खोलीचं दार उघडलं तेव्हा पलंगावर गुलाबाच्या पाकळ्यांचा बदाम, दोन टॉवेलचे चोच जुळवलेले हंस आणि बर्फाच्या भांड्यात बाटली, असा थाट मांडलेला होता.

आईंनी बराच वेळ हंसांचं निरीक्षण केलं. "टॉवेल चांगला वळला आहे," त्या म्हणाल्या. मग चादरीचा कोपरा उचलून बघितला. "कोपरे पण. आमच्या मेट्रनने पास केले असते."

एकच पलंग

बाल्कनी मात्र चित्रातल्यासारखी होती. खाली छत्र्यांच्या रांगा, त्यांच्यामागे रंगीत लाकडी खोपट्या, कपडे बदलायला. समुद्र आपल्या कोकणातल्यासारखा अंगावर येत नाही. लाटा इतक्या लहान, की कोणी बादलीतलं पाणी हलवावं. रंग मात्र सकाळ-दुपार-संध्याकाळ वेगवेगळा.

अडचण पलंगाची होती. सासूसुना आम्ही दोन काठांना झोपलो आणि मधे एक तिसरी बाई आरामात झोपली असती एवढी जागा सोडली. सकाळी उठले तर आई नव्हत्या. अंथरुणाची त्यांची बाजू कोणी झोपलंच नव्हतं अशी नीट केलेली.

त्या खाली काउंटरपाशी सापडल्या. "स्मॉल रूम," त्या सिल्वियाला समजावत होत्या. "सिंगल. एनी फ्लोअर. नो व्ह्यू, नो प्रॉब्लेम."

"आई, अहो, काय हे? मी घोरते का?"

"नाही ना बाप्पा. पण तुझी सुट्टी आहे. नीट झोप ना."

सिल्विया विचारात पडली. सगळं भरलेलं होतं. मग ती म्हणाली, की अगदी वर, गच्चीखाली एक खोली आहे, ती आता कोणाला देत नाही. पूर्वी श्रीमंत इंग्रज कुटुंबं खोकल्यावर उपाय म्हणून इथे सगळा हिवाळा काढायची. खाली मालकीण राहायची आणि वर तिची मोलकरीण. त्या मोलकरणींच्या खोल्यांपैकी ती एक.

हे मी आईंना मराठीत सांगताना अडखळले. त्यांनी ते इंग्रजीतच समजून घेतलं होतं.

"म्हणजे आपल्यासारख्यांचीच खोली," त्या म्हणाल्या आणि हसल्या.

"आई, असं काय बोलता! मी नाही जाऊ देणार तुम्हाला. मी तिथे जाते, तुम्ही बाल्कनीत राहा."

"काऊन? मला काय कोणी तिकडे पाठवून राहिलं? मी मागून घेतली." आणि त्यांनी सिल्वियापुढे हात केला.

खोली रेल्वेच्या डब्याएवढी होती. लोखंडी कॉट, एक खुर्ची, भिंतीत तीन खुंट्या. पण कोपऱ्यातल्या छोट्या खिडकीतून हॉटेलच्या मागचं अंगण दिसायचं: लिंबाची झाडं, वाळत घातलेल्या चादरी आणि दोन छपरांच्या मधे हातभर समुद्र. आईंनी खुंट्यांवर आपले तीन ड्रेस अडकवले. मग मला म्हणाल्या, "जा आता. मी दार लावते."

मला ते थोडं लागलं. कनाटाच्या घरातही त्यांना खोली आहेच की, असं जिना उतरताना मनात आलं. त्याच खोलीत आमचा प्रिंटर आहे, इस्त्रीचं टेबल आहे, रियाचे स्कीचे बूट आहेत, आणि आम्ही सगळे दिवसातून दहादा न विचारता आत जातो, हेही मनात आलं. पण जिना संपेपर्यंत मी ते बाजूला सारलं.

धिरडं, सुकट आणि पांढरी साडी

पुढचे दोन दिवस आम्ही नुसतं हुंदडलो. त्या गावात दुपारी एक ते चार सगळं बंद. कनाटात माणूस रस्त्यावर दिसला की तो कुत्रा फिरवत असतो. इथे संध्याकाळी सहा वाजता अख्खं गाव ठेवणीतले कपडे घालून समुद्राकाठच्या फरसबंदीवरून एकदा इकडे आणि एकदा तिकडे चालतं. कुठेही जायचं नसतं. सगळे एकमेकांना बघतात आणि आपण बघतोय हे लपवत नाहीत.

एका गल्लीत लाकडाच्या भट्टीचा धूर आला म्हणून शिरलो. भट्टीतून एक माणूस परातीच्या दुप्पट मोठी तांब्याची थाळी बाहेर ओढत होता. तिच्यात पातळ, सोनेरी, कडेला करपलेलं काहीतरी. सुरीने तोडून कागदावर दिलं. आईंनी घास घेतला, थांबल्या, मग म्हणाल्या, "बेसन आहे."

"इटलीत बेसन?"

"धिरडं आहे ग. तेल जास्त टाकलं आहे आणि भट्टीत केलं आहे, एवढंच." दुकानदाराने वर काळी मिरी भुरभुरली. कांदा घालूनही मिळतं म्हटल्यावर आईंनी तेही घेतलं. दुसऱ्या दुकानात खारवलेले चिमुकले मासे मिळाले, त्यांना आई सुकट म्हणाल्या आणि पावात घालून उभ्या उभ्या खाल्ले.

हॉटेलात रात्रीच्या जेवणाचा अजून थोडा रुबाब आहे. पांढरे टेबलक्लॉथ, प्रत्येकाचं ठरलेलं टेबल. पुरुष कोट घालून येतात. मी त्यासाठी खास निळा ड्रेस नेला होता. आईंनी निळ्या काठाची पांढरी साडी नेसली, जयंतीला नेसतात तीच. आम्ही जिना उतरून आलो तेव्हा पंधरा-वीस माणसांचे काटे-चमचे थांबले. माझ्या निळ्या ड्रेसमुळे नाही. आईंना ते कळलं, आणि त्या जराही घाई न करता, वॉर्डच्या मधून राउंडला निघाल्यासारख्या, टेबलापर्यंत चालत गेल्या.

शेजारच्या टेबलावर एक म्हाताऱ्या बाई एकट्या बसल्या होत्या. त्या उठून आल्या, साडीचा काठ दोन बोटांत धरून पाहिला आणि काहीतरी लांबलचक बोलल्या. त्या सिन्योरा आदा. वय एक्क्याऐंशी, तोरिनो शहरातल्या. नवरा गेल्यापासून दर मे महिन्यात तीन आठवडे एकट्याच इथे येतात, असं सिल्वियाने सांगितलं. त्यांना इंग्रजी येत नव्हतं. आईंना इटालियन येत नव्हतं. पण त्या रात्री आदाबाईंनी आपली खुर्ची आमच्या टेबलाला लावली आणि मग ती तिथेच राहिली.

पाणी

चौथ्या दिवशी सकाळी मी वर जाऊन दार वाजवलं. उत्तर नाही. नाश्त्याच्या खोलीत नाहीत, अंगणात नाहीत. अर्धा तास वाट पाहिली. त्यांचा फोन खोलीतच वाजत होता, दाराबाहेर ऐकू येत होता. सिल्वियाने दुसऱ्या चावीने दार उघडलं: कॉट नीट केलेली, चपला नाहीत. भाषा येत नाही, रस्ते माहीत नाहीत, रक्तदाबाची गोळी घेतली की नाही कुणास ठाऊक. संदीपला काय सांगू?

मी स्टेशनकडे धावले, परत आले, फरसबंदीवर दोन्ही टोकांना पाहिलं. शेवटी छत्र्या लावणाऱ्या माणसाने माझा चेहरा बघितला आणि समुद्राकडे बोट केलं.

दोन म्हाताऱ्या बाया छातीभर पाण्यात उभ्या होत्या. एकीच्या डोक्यावर पिवळी रबरी टोपी. दुसरीचा पंजाबी ड्रेस पाण्यात फुगून तिच्याभोवती तरंगत होता. दोघींनी हात धरले होते. लाट आली की उडी मारायच्या. अगदी फूटभर.

"आई!" मी ओरडले. "आई, बाहेर या! थंड आहे पाणी!"

"कनाटाच्या मार्चपेक्षा बरं आहे!" त्या ओरडल्या. त्यांना एवढ्या मोठ्याने बोलताना मी आठ वर्षांत ऐकलं नव्हतं.

मला रडू आलं आणि रागही आला. मी बूट न काढताच गुडघ्याएवढ्या पाण्यात गेले. "सांगून जायचं ना! मी किती शोधलं तुम्हाला!"

त्यांचं हसू थांबलं. "हो. चुकलं माझं," त्या म्हणाल्या. "कोणाला न सांगता कुठं जाता येतं का, ते पाहायचं होतं."

बाहेर आल्यावर आदाबाईंनी त्यांना आपला जाड झगा दिला. आई दगडावर बसून केस पिळत होत्या. "समुद्र मी पुष्कळदा पाहिला," त्या म्हणाल्या. "दरवर्षी डिसेंबरात चैत्यभूमीला जायची ना, दादरला. पण लाखो लोक, हातात पोरं, पाण्याच्या बाटल्या. पाय भिजवायलाही कधी वेळ झाला नाही."

जे सांगायला त्या आल्या होत्या

त्याच दिवशी दुपारी, सगळं गाव बंद असताना, त्या माझ्या बाल्कनीत आल्या. पर्समधून एक घडी घातलेला कागद काढून माझ्यासमोर ठेवला. ओटावामधल्या एका सीनियर्स बिल्डिंगचा, म्हणजे ज्येष्ठांसाठीच्या भाड्याच्या घरांचा, फॉर्म होता. वन बेडरूम. बसच्या रस्त्यावर. आमच्या असोसिएशनमधल्या मेश्रामकाकू तिथे राहतात, शिवाय हिंदी बोलणाऱ्या चारपाच जणी. फॉर्म पूर्ण भरलेला होता आणि अक्षर ओळखीचं होतं.

"रियाने भरून दिला," आई म्हणाल्या. "तिला मीच म्हटलं, तुझ्या आईला सांगू नको. रागावू नको तिच्यावर."

खाली छत्र्या मिटलेल्या होत्या. "आमचं काय चुकलं?" मी शेवटी विचारलं.

"चुकलं तरच जायचं असते का?"

"मग?"

"वैशाली, लग्नाआधी एका खोलीत सात जण होतो. मग हॉस्टेलला चार जणी. मग दोन खोल्यांचं क्वार्टर, सासू, दीर, पोरं. मग तुमच्याकडे. तुम्ही चांगलेच आहात. पण मी सत्तरीला आली, आणि माझ्या घरात मी कधी राहिलीच नाही. शिकून घ्यायला वेळ तरी पाहिजे ना?"

मी त्यांना सांगितलं, की लोक काय म्हणतील याचा विचार करा. सुनेने बाहेर काढलं म्हणतील. हे माझ्या तोंडून निघालं आणि माझं मलाच ऐकू आलं. असोसिएशनमध्ये दर मार्चला महिलांच्या कार्यक्रमात मीच भाषण करते. स्त्रीचं स्वातंत्र्य, स्त्रीचा निर्णय. पहिल्या रांगेत आई बसलेल्या असतात आणि टाळ्या वाजवतात.

त्यांनी त्याची आठवण काढली नाही. काढली असती तर मला भांडता आलं असतं.

"संदीपला मी सांगतो," मी म्हणाले. घाबरले की मी अजूनही असं मुलासारखं बोलते.

"नाही. मीच सांगीन. तू फक्त..." त्या थांबल्या. "तू गप्प बसू नको तेव्हा. एवढंच."

समुद्र तेव्हा जवळजवळ पांढरा दिसत होता. मी होय म्हटलं नाही. खोलीत जाऊन कॉफीचे दोन कप करून आणले, आणि आम्ही प्यालो. उरलेले तीन दिवस मी त्या फॉर्मबद्दल काही बोलले नाही आणि त्यांनीही विचारलं नाही. निघायच्या दिवशी आदाबाई स्टेशनपर्यंत आल्या आणि आईंना पिवळी टोपी दिली. गाडी बोगद्यात शिरली तरी आई काचेकडे बघून हात हलवत होत्या.

परत आल्यावर

दुसऱ्याच दिवशी, संदीप पाय खुर्चीवर ठेवून जेवत असताना, आईंनी त्याला सांगितलं. सरळ, दोन वाक्यांत. त्याने घास खाली ठेवला. मग माझ्याकडे वळला. "तुला माहीत होतं?"

"हो," मी म्हणाले. "आणि मला त्यांचं पटतं. आपल्याला आवडो न आवडो."

रियाने आपल्या ताटातून मान वर केली नाही, पण टेबलाखालून माझ्या पायावर पाय ठेवला.

संदीप दोन दिवस कोणाशीच बोलला नाही. तिसऱ्या दिवशी कुबड्या घेऊन म्हणाला, "चल आई, बघू तरी काय बिल्डिंग आहे ती." परत आला तेव्हा त्याची तक्रार एवढीच होती, की तिथली लिफ्ट हळू आहे.

नंबर लागायला ऑक्टोबर उजाडला. असोसिएशनमधून दोन फोन आले. एकीने आवाज खाली करून विचारलं, "घरी काही झालं का ग?" मी म्हटलं, "काही झालं नाही. त्यांना स्वतंत्र राहायचं होतं." मग ती म्हणाली, "त्या बिल्डिंगचा फॉर्म कुठे मिळतो?"

पहिल्या रविवारी आईंनी आम्हाला जेवायला बोलावलं. वरण, भात, वांग्याची भाजी, आणि ओव्हनमध्ये मोठ्या ट्रेवर भाजलेलं, कडेला करपलेलं धिरडं. टेबलाला खुर्च्या दोनच होत्या, म्हणून संदीप आणि रिया ताटं मांडीवर घेऊन पलंगाच्या कडेला बसले. जेवण झालं. मी सवयीने ताटं गोळा करून सिंककडे निघाले.

आईंनी ती माझ्या हातातून काढून घेतली. "बस," त्या म्हणाल्या. "पाहुणी आहेस तू इथं."

मी बसले.